एकूण गुण साठवायचे की मोजायचे? वेब अ‍ॅपमधली सिद्ध आणि साधित माहिती



मागच्या पाठात आपण पाहिलं की कंपोनंट आपली माहिती, म्हणजे स्टेट, स्वतःजवळ कशी ठेवतो आणि तीच माहिती दोन-चार कंपोनंटना लागली की ती वर एका सामाईक जागी कशी न्यावी लागते. आजचा पाठ त्याच्या पुढचा. सामाईक जागा केली, ठीक आहे. पण तिथे नेमकं काय काय ठेवायचं? हा प्रश्न मला पुस्तकातून पडला नाही, एका चुकीमुळे पडला. म्हणून आधी ती चूक सांगते.

शाळेच्या निकालासाठी मी एक छोटं वेब अ‍ॅप बनवलं होतं. इयत्ता नववी, मुलं ४३, विषय सहा, प्रत्येकी १०० गुण. वर्गशिक्षकांनी गुण भरायचे, अ‍ॅपने एकूण आणि टक्के काढायचे, उत्तीर्ण की अनुत्तीर्ण ते ठरवायचं आणि पालकांना ते मोबाईलवर दिसायचं. एवढंच काम. एका मुलीचे गुण असे होते: मराठी ७२, हिंदी ६८, इंग्रजी ५४, गणित ३१, विज्ञान ६१, सामाजिक शास्त्रे ७०. एकूण ३५६, म्हणजे ५९.३३ टक्के. पण गणितात ३५ पेक्षा कमी, म्हणून अनुत्तीर्ण. पुढे गणिताच्या सरांनी पेपर पुन्हा पाहिला तेव्हा पुरवणीतले सात गुण बेरजेत धरायचे राहिले होते असं निघालं. ३१ चे ३८ झाले. मी अ‍ॅपमध्ये दुरुस्ती केली. एकूण ३६३ दिसलं, टक्के ६०.५० दिसले. झालं काम, म्हणून लॅपटॉप मिटला.

संध्याकाळी तिच्या वडिलांचा फोन. "बाई, साठ टक्के पडलेत आणि नापास कशी काय?" मी पान उघडून पाहिलं. एकूण बरोबर, टक्के बरोबर, आणि शेजारच्या रकान्यात "अनुत्तीर्ण" तसंच्या तसं. पानाच्या वरच्या पट्टीतही "४३ पैकी ४२ उत्तीर्ण" हेच. मुलगी दुपारपासून जेवली नव्हती, असं ते म्हणाले. मी माफी मागितली, पाच मिनिटांत दुरुस्ती केली, पण ती पाच मिनिटांची दुरुस्ती म्हणजे खरी दुरुस्ती नव्हतीच. मी फक्त "अनुत्तीर्ण" पुसून हाताने "उत्तीर्ण" लिहिलं होतं. रोग तिथेच होता.

चूक नेमकी कुठे होती?

प्रत्येक मुलाच्या नोंदीत मी सहा विषयांचे गुण ठेवले होतेच. त्याशिवाय एकूण, टक्के, निकाल आणि श्रेणी अशा आणखी चार गोष्टी ठेवल्या होत्या. वर्गाच्या पातळीवर उत्तीर्णांची संख्या वेगळी. गुण पहिल्यांदा भरताना एक फंक्शन चालायचं आणि हे सगळे आकडे एकदम भरून टाकायचं. दुरुस्तीचा फॉर्म मी नंतर जोडला, आणि त्यात एकूण व टक्के बदलायची आठवण ठेवली. निकाल, श्रेणी आणि उत्तीर्णांची संख्या विसरले.

तुम्ही म्हणाल, मग विसरू नका! मलाही आधी असंच वाटलं होतं. पण जरा हिशोब करून बघा. गुण बदलण्याच्या वाटा तीन होत्या: पहिली नोंद, दुरुस्ती आणि एक्सेलची फाइल चढवणं. गुणांवर अवलंबून असलेल्या गोष्टी पाच. म्हणजे पंधरा ठिकाणी आठवण ठेवायची. उद्या गुणानुक्रम दाखवायचा ठरला की अठरा. परवा "गैरहजर" अशी नोंद करायची चौथी वाट आली की चोवीस. इतक्या गोष्टी लक्षात ठेवणं माणसाला जमत नाही आणि जमवायची गरजही नाही.

व्याकरणाच्या तासाला आपण सिद्ध आणि साधित शब्द शिकतो. 'कर' हा धातू सिद्ध, मूळचा. 'करणारा', 'करणी' हे त्याच्यापासून तयार झालेले, म्हणजे साधित. अ‍ॅपमधल्या माहितीलाही मी हेच दोन शब्द वापरते. बाहेरून आलेली, दुसऱ्या कशावरून काढता न येणारी माहिती ती सिद्ध. तिच्यावरून काढता येते ती साधित. गणितातले ३८ गुण सिद्ध आहेत. ते सरांनी पेपर पाहून दिले, ते अन्य कशातून निघत नाहीत. एकूण ३६३ साधित. टक्के साधित. उत्तीर्ण साधित. ६० टक्क्यांना प्रथम श्रेणी धरली तर "प्रथम श्रेणी" हेही साधितच.

आता नियम सोपा आहे: सामाईक स्टेटमध्ये फक्त सिद्ध माहिती ठेवायची. साधित माहिती लागेल तेव्हा मोजायची, साठवायची नाही.

एक्सेल वापरणाऱ्या माझ्या शिक्षक मित्रांना हे वेगळं सांगायला नको. एकूणच्या चौकटीत आपण आकडा लिहीत नाही, सूत्र लिहितो. गुण बदलला की एकूण आपोआप बदलतं. डॅन ब्रिकलिन आणि बॉब फ्रँकस्टन यांनी १९७९ साली अ‍ॅपल टू या संगणकासाठी व्हिसिकॅल्क आणलं, त्यातला जीवही हाच होता: एका चौकटीतला आकडा बदला, त्यावर अवलंबून असलेल्या सगळ्या चौकटी पुन्हा मोजल्या जातील. आणि एक्सेलमधला सगळ्यात त्रासदायक प्रकार कोणता? कुणीतरी घाईत सूत्राच्या चौकटीवर हाताने आकडा टाइप करतं. ती चौकट दिसायला इतरांसारखीच दिसते, पण आतून मेलेली असते. माझ्या अ‍ॅपमध्ये असल्या मेलेल्या चौकटी मी स्वतःच पेरून ठेवल्या होत्या.

मोजायचं म्हणजे कसं?

सुरुवातीला कुठलीही लायब्ररी नको. एक साधं फंक्शन पुरतं. "एकूण" नावाचं फंक्शन मुलाचे गुण घेतं आणि बेरीज परत देतं. "निकाल" हे फंक्शन गुण घेतं, प्रत्येक विषयात ३५ किंवा जास्त आहेत का ते पाहतं आणि उत्तीर्ण किंवा अनुत्तीर्ण परत देतं. "श्रेणी" हे फंक्शन "निकाल" आणि "टक्के" या दोघांना विचारतं, कारण अनुत्तीर्ण मुलाला श्रेणी नसते. "वर्गाचा निकाल" ४३ मुलांना एकेक करून "निकाल" विचारतं आणि उत्तीर्ण मोजतं. साधितापासून पुढचं साधित असं चालतं, काही हरकत नाही. मुळाशी मात्र सिद्ध गुणच असतात.

फंक्शन शुद्ध हवं, म्हणजे तेच गुण दिले की तेच उत्तर यावं आणि मोजता मोजता त्याने दुसऱ्या कशाला हात लावू नये. हे ऐकायला सोपं वाटतं, पण जावास्क्रिप्टमध्ये इथे एक खड्डा आहे आणि त्यात मी पडले आहे. गुणानुक्रम काढायला मी मुलांच्या सामाईक अ‍ॅरेवर 'सॉर्ट' चालवलं. उत्तर बरोबर आलं. पण सॉर्ट नवी यादी देत नाही, आहे तीच यादी हलवून टाकतं. त्यामुळे हजेरी क्रमांकाने लावलेला गुणतक्ता अचानक गुणानुक्रमाने दिसायला लागला, आणि पाचव्या ओळीत पाच क्रमांकाच्या मुलाचे गुण भरायला बसलेल्या शिक्षकांची जी धांदल उडाली ती काय सांगावी! आधी अ‍ॅरेची प्रत काढायची आणि मग ती प्रत लावायची, हा उपाय. जावास्क्रिप्टच्या २०२३ च्या आवृत्तीत 'टू-सॉर्टेड' आलं आहे, ते मूळ यादीला हात न लावता नवी यादी देतं.

सॉर्टचीच आणखी एक गंमत. तुलना कशी करायची हे सांगितलं नाही, तर ते आकडेही अक्षरांसारखे लावतं. ९, ३५ आणि १०० चढत्या क्रमाने लावायला सांगा, उत्तर येतं १००, ३५, ९. कारण पहिलं अक्षर १, मग ३, मग ९! असाच प्रकार बेरजेचा. फॉर्मच्या चौकटीतून येणारा गुण आकडा नसून मजकूर असतो. ७२ आणि ६८ यांची बेरीज मग १४० न होता ७२६८ होते. म्हणून आकडा आत घेतानाच त्याचा खरा आकडा करून ठेवायचा. सिद्ध माहिती स्वच्छ नसेल तर साधित माहितीकडून काय अपेक्षा ठेवणार?

हिशोब एका ठिकाणी असण्याचा खरा फायदा मला नियम बदलला तेव्हा कळला. गैरहजर मुलाला शून्य धरायचं की नाही, यावर शिक्षकांच्या बैठकीत चर्चा झाली. एकूण काढताना शून्य, पण विषयाची सरासरी काढताना ते मूल मोजायचंच नाही, असं ठरलं. आता स्टेटमध्ये मी ० लिहून ठेवला असता तर गैरहजर कोण आणि खरोखर शून्य मिळालेलं कोण, हे कायमचं पुसलं गेलं असतं. म्हणून सिद्ध नोंद "गैरहजर" अशीच ठेवली आणि तिचा अर्थ काय लावायचा ते दोन फंक्शनांवर सोडलं. बैठकीनंतर मला दोन ओळी बदलाव्या लागल्या. जुन्या अ‍ॅपमध्ये सगळ्या मुलांच्या साठवलेल्या आकड्यांची फेरतपासणी करावी लागली असती.

साधित माहिती लपून बसते ती ठिकाणं

एकूण गुण साधित आहेत हे कुणीही ओळखेल. काही साधित माहिती मात्र ओळखू येत नाही.

पहिलं ठिकाण शोधपट्टी. "नावाने शोधा" या चौकटीत 'सा' टाइप केलं की साक्षी, सागर, सायली एवढीच नावं दिसायला हवीत. नवखा विद्यार्थी दोन याद्या ठेवतो: पूर्ण यादी आणि गाळलेली यादी. मग पूर्ण यादीत एखादं नवं मूल आलं की गाळलेल्या यादीत ते दिसत नाही, आणि "बाई, मी नाव टाकलं पण गायब झालं" अशी तक्रार येते. इथे सिद्ध काय? पूर्ण यादी आणि शोधायचा मजकूर. गाळलेली यादी या दोघांवरून दर वेळी काढायची.

दुसरं ठिकाण निवड. तक्त्यात मुलावर टिचकी मारली की बाजूला त्याचं कार्ड उघडतं. स्टेटमध्ये "निवडलेलं मूल" म्हणून मुलाची अख्खी नोंद ठेवली तर काय होईल? रिअ‍ॅक्ट किंवा रिडक्सच्या पद्धतीत दुरुस्ती करताना आपण जुनी नोंद बदलत नाही, नवी नोंद तयार करतो. तक्त्यात नवी नोंद येते, ३८ दिसतात. कार्डाच्या हातात मात्र जुनीच नोंद असते, तिथे ३१. एकाच पानावर एकाच मुलीचे गणिताचे दोन गुण! म्हणून निवडीत फक्त हजेरी क्रमांक ठेवा आणि त्या क्रमांकाचं मूल यादीतून शोधा. क्रमांक सिद्ध, मूल साधित.

तिसरं ठिकाण म्हणजे "आहे का?" छापाच्या गोष्टी. यादी रिकामी आहे का, फॉर्म पूर्ण भरला का, सगळे गुण भरून झाले का. यांच्यासाठी वेगळी हो-नाहीची खूण ठेवायची फार हौस असते. यादीकडे बघा, तीच सांगेल ती रिकामी आहे की नाही.

रिअ‍ॅक्ट शिकणाऱ्यांना इथे एक सवय मोडायला सांगते. गुण बदलले की 'युज-इफेक्ट' चालवायचं आणि त्यातून एकूणची स्टेट भरायची, असा कोड मला विद्यार्थ्यांच्या वह्यांत सर्रास दिसतो. चालतो तो, पण त्यात काय घडतं? गुण बदलले, पान एकदा रेंडर झालं, त्यात नवे गुण आणि जुनं एकूण. मग इफेक्ट चालला, स्टेट बदलली, पान पुन्हा रेंडर झालं, आता दोन्ही बरोबर. काम दुप्पट आणि मधल्या क्षणी पान चक्क खोटं बोलतं. इफेक्ट हा बाहेरच्या जगाशी, म्हणजे सर्व्हर, टायमर, ब्राउझर यांच्याशी ताळमेळ ठेवण्यासाठी आहे. बेरीज करायला बाहेरच्या जगाची गरज नाही. रेंडर होतानाच एका ओळीत बेरीज करून टाका.

पण दर वेळी मोजणं महाग नाही का?

हा प्रश्न वर्गात हमखास येतो. ४३ मुलं गुणिले सहा विषय म्हणजे २५८ आकडे. एवढी बेरीज संगणक पापणी लवायच्या कितीतरी आधी संपवतो. बहुतेक पडदे सेकंदाला ६० वेळा चित्र बदलतात, म्हणजे एका चित्राला साधारण १६.७ मिलिसेकंद मिळतात. आपली बेरीज त्यातला दखल घेण्याइतकाही भाग खात नाही. म्हणून आधी साधं फंक्शन लिहा आणि वेळ मोजा. संथ वाटलं तरच पुढचं वाचा, असं म्हणणार होते, पण पुढचं माहीत असायला हवं कारण नोकरीच्या मुलाखतीत विचारतात.

हिशोब खरोखर मोठा असेल, समजा सगळ्या जिल्ह्यातल्या हजारो मुलांचा, तर उत्तर लक्षात ठेवता येतं. आधीचे गुण आणि आधीचं उत्तर जवळ ठेवायचं. गुण तेच असतील तर जुनंच उत्तर द्यायचं, बदलले असतील तरच पुन्हा मोजायचं. याला मेमोायझेशन म्हणतात. इथे कुणी शंका काढेल की बाई, हे तर पुन्हा साठवणंच झालं! शंका बरोबर आहे, पण एक फरक आहे. माझ्या जुन्या अ‍ॅपमधलं "अनुत्तीर्ण" कशावरून आलं हे कुणालाच माहीत नव्हतं, त्यामुळे ते शिळं झाल्याचं कुणी ओळखू शकत नव्हतं. लक्षात ठेवलेल्या उत्तरासोबत ते कुठल्या गुणांवरून आलं याची खूण असते. ते पुसून टाकलं तरी काही बिघडत नाही, पुन्हा मोजता येतं.

वेगवेगळ्या साधनांत हे वेगवेगळ्या नावाने भेटतं. रिअ‍ॅक्टमध्ये 'युज-मेमो', हुक्ससोबत २०१९ मध्ये आलेलं. त्यात कशावर अवलंबून आहे ती यादी आपणच लिहायची, आणि यादीत काही राहिलं की शिळं उत्तर ठरलेलं. व्ह्यूमध्ये 'कॉम्प्युटेड'; तिथे यादी लिहावी लागत नाही, हिशोब करताना कोणकोणती माहिती वाचली याची नोंद व्ह्यू स्वतः ठेवतं. ही कल्पना त्याच्याही आधी, २०१० च्या नॉकआउट या लायब्ररीत होती.

रिडक्सचं थोडं सविस्तर सांगते, कारण तिथे मुलं अडकतात. डॅन अब्रामोव्ह आणि अँड्र्यू क्लार्क यांनी २०१५ मध्ये आणलेल्या या लायब्ररीत सगळी सामाईक स्टेट एका स्टोअरमध्ये असते, आणि स्टोअरमधून हवं ते काढून देणाऱ्या फंक्शनला सिलेक्टर म्हणतात. स्टोअरमध्ये काहीही घडलं की कंपोनंटचा सिलेक्टर पुन्हा चालतो आणि नवं उत्तर जुन्या उत्तराशी ताडून पाहिलं जातं. वेगळं असेल तरच कंपोनंट पुन्हा रेंडर. आता "उत्तीर्ण मुलांची यादी" देणारा सिलेक्टर घ्या. तो 'फिल्टर' वापरतो आणि फिल्टर दर वेळी नवाकोरा अ‍ॅरे बनवतो. आत तीच मुलं, त्याच क्रमाने. पण तुलना आतल्या मुलांची होत नाही, अ‍ॅरे तोच आहे का एवढंच पाहिलं जातं. दोन वह्यांत अक्षरशः एकच निबंध असला तरी वह्या दोन, तसं. परिणामी कुणी शोधपट्टीत एक अक्षर टाइप केलं तरी उत्तीर्णांची यादी उगाच पुन्हा रेंडर होते. एकूण गुणांसारखा साधा आकडा असेल तर ही अडचण नाही, ३६३ आणि ३६३ सारखेच.

यावर 'रिसिलेक्ट' ही लायब्ररी वापरतात. ती उत्तर लक्षात ठेवते आणि मुलांची यादी बदलली नसेल तर जुनाच अ‍ॅरे परत देते. फक्त तिच्या जुन्या आवृत्त्यांमध्ये सिलेक्टरला शेवटचं एकच उत्तर लक्षात राहायचं. "अमुक क्रमांकाच्या मुलाचे कमकुवत विषय" असा एक सिलेक्टर ४३ कार्डांनी वाटून घेतला की पहिल्या कार्डाने लिहिलेलं दुसरं कार्ड पुसणार, दुसऱ्याचं तिसरं. एका पाटीवर ४३ जण उत्तर लिहीत आहेत आणि प्रत्येकजण आधीच्याचं पुसतो आहे! लक्षात ठेवण्याचा खर्च होतो, उपयोग शून्य. तेव्हा प्रत्येक कार्डाला स्वतंत्र सिलेक्टर बनवून द्यावा लागे. पाचव्या आवृत्तीपासून ही पद्धत बदलली आहे, वेगवेगळ्या क्रमांकांची उत्तरं वेगवेगळी लक्षात राहतात. जुना प्रकल्प हातात आला तर मात्र आवृत्ती आधी पाहा.

मधल्या क्षणाचं खोटं

आता थोडं अवघड. निकालाच्या कार्डावर मी "वर्गाच्या सरासरीपेक्षा वर" किंवा "खाली" असं दाखवते. ही गोष्ट मुलीचं एकूण आणि वर्गाची सरासरी अशा दोन साधितांवर अवलंबून आहे, आणि ती दोन्ही त्याच गुणांवर. वर्गाच्या सगळ्या गुणांची बेरीज आधी १५,६०५ होती असं धरा, म्हणजे सरासरी ३६२.९१. सात गुण वाढल्यावर बेरीज १५,६१२ आणि सरासरी ३६३.०७. मुलीचं एकूण ३६३. म्हणजे अगदी थोडक्यात, पण खाली.

समजा अ‍ॅप गुण बदलताच एकामागून एक निरोप पाठवतं. आधी "एकूण" ला निरोप गेला, ते ३६३ झालं. त्याने लगेच "वर की खाली" ला उठवलं. त्याने पाहिलं तर एकूण ३६३ आणि सरासरी अजून जुनी, ३६२.९१. उत्तर: वर! मग सरासरीला निरोप पोहोचला, ती ३६३.०७ झाली, पुन्हा हिशोब: खाली. पडद्यावर क्षणभर चुकीचं उत्तर चमकून गेलं. याला ग्लिच म्हणतात. पडद्यावर चमकलं तर एकवेळ ठीक, पण त्या क्षणी "अभिनंदन" चा संदेश पाठवायची सोय केली असेल तर तो गेलाच.

यावरचा उपाय शहाणपणाचा आहे. गुण बदलले की कुणी काही मोजायचं नाही. ज्या ज्या गोष्टी त्यावर अवलंबून आहेत त्यांच्यावर फक्त "शिळं" असा शिक्का मारायचा. नंतर पडद्याला "वर की खाली" हवं झालं की ते आधी एकूणला विचारतं, एकूण ताजं होतं. मग सरासरीला विचारतं, तीही ताजी होते. आणि मग एकदाच उत्तर. कुणी विचारलंच नाही तर मोजलंही जात नाही. सिग्नल या नावाने सध्या जे चाललं आहे, त्यातली बरीचशी साधनं याच वाटेने जातात. अँग्युलरने २०२३ च्या सोळाव्या आवृत्तीत सिग्नल आणले, स्वेल्टच्या पाचव्या आवृत्तीत २०२४ मध्ये साधित माहितीसाठी वेगळी खूण आली, आणि जावास्क्रिप्ट भाषेतच सिग्नल असावेत असा प्रस्ताव २०२४ मध्ये भाषेच्या समितीसमोर पहिल्या टप्प्यात आला. नावं बदलतील. शिक्का मारायचा आणि विचारलं की मोजायचं, एवढं समजलं असेल तर पुढचं साधन शिकायला एक दुपार पुरते.

साधित दिसतं, पण नाही

इतकं सगळं सांगितल्यावर काही विद्यार्थी उत्साहाने सगळंच मोजायला लागतात, त्यांच्यासाठी हा भाग. किराणा दुकानाचं बिल घ्या. किंमत गुणिले कराचा दर, म्हणजे कर साधित. बरोबर? तुपावरचा जीएसटी २२ सप्टेंबर २०२५ पासून १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आला. कर धरण्याआधी ६०० रुपये किमतीच्या तुपावर आधी ७२ रुपये कर होता, आता ३०. दुकानाच्या अ‍ॅपने जुनी बिलं उघडताना आजच्या दराने कर मोजला तर ऑगस्टमध्ये ७२ रुपये घेतलेल्या बिलावर ३० रुपये दिसतील. दुकानदाराचा हिशोब बुडाला! त्या दिवशी लावलेला दर ही त्या दिवशी घडलेली घटना आहे. घटना सिद्ध असते. ती बिलासोबत साठवलीच पाहिजे. दुकानाच्या टोपलीतला, अजून पैसे न दिलेला माल मात्र आजच्या दरानेच मोजायचा.

आमच्या निकालातही हे आहे. पालकांना सही-शिक्क्याची गुणपत्रिका दिली की ती कागदपत्र झाली. पुढच्या वर्षी श्रेणीचे नियम बदलले तर तिच्यावरची श्रेणी बदलता कामा नये. म्हणून दिलेल्या गुणपत्रिकेची प्रत, तारखेसह, आम्ही जशीच्या तशी ठेवतो. अ‍ॅपच्या पडद्यावरचा निकाल मात्र गुणांवरून मोजला जातो. दोन्हीत फरक पडला तर तो फरकही दिसतो, आणि मग दुरुस्त गुणपत्रिका द्यायची की नाही ते माणसं ठरवतात. मी ओळखायला एक प्रश्न विचारते: मूळ माहिती उद्या बदलली तर हा आकडा बदलायला हवा का? हवा असेल तर मोजा, नको असेल तर साठवा.

त्या मुलीच्या निकालाचं पान मी त्याच आठवड्यात पुन्हा लिहिलं. नोंदीत आता हजेरी क्रमांक, नाव आणि सहा गुण एवढंच आहे. मग तपासणी म्हणून गणिताचे ३८ पुन्हा ३१ केले. निकाल, श्रेणी, वरची पट्टी, कार्ड, सगळं एकदम पालटलं. परत ३८ केले. ४३ पैकी ४३.

स्वाध्याय

१. ग्रंथालयाच्या अ‍ॅपमध्ये पुढील माहिती आहे: पुस्तकाच्या प्रती, कोणी कधी पुस्तक नेलं, परत केल्याची तारीख, शिल्लक प्रती, विद्यार्थ्याकडे आत्ता असलेली पुस्तकं, आणि भरलेला दंड. यातली सिद्ध कोणती, साधित कोणती? दंडाबद्दल उत्तर लिहिताना घाई करू नका. "होणारा दंड" आणि "भरलेला दंड" या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

२. रिअ‍ॅक्टमध्ये शोधपट्टीसह मुलांची यादी करा. स्टेट दोनच ठेवायच्या. युज-इफेक्ट वापरायचं नाही.

३. एका विद्यार्थ्याने व्ह्यूमध्ये जन्मतारखेवरून वय काढणारा 'कॉम्प्युटेड' लिहिला. आजची तारीख त्याने हिशोबाच्या आतच घड्याळातून घेतली. पान रात्रभर उघडं राहिलं, मध्यरात्री मुलाचा वाढदिवस झाला, तरी सकाळी वय जुनंच दिसलं. जन्मतारीख बदलली नव्हती. मग व्ह्यूने पुन्हा का मोजलं नाही, आणि या हिशोबातली कोणती सिद्ध माहिती स्टेटमध्ये ठेवायची राहिली? उत्तर वहीत लिहून आणा, पुढच्या पाठाची सुरुवात तिथूनच करू.